रिकाम्या वाडीच्या किल्ल्या

दिवाळीच्या फराळाचे डबे अजून पुरते रिकामे झालेले नसतात, तोच साबरदऱ्यात ट्रॅक्टर येऊन उभे राहतात. ट्रॉल्यांवर पत्रे चढतात, बाजा चढतात, पाण्याची पिंपं, शेळ्या, पाटीखाली झाकलेल्या कोंबड्या आणि झोपेतून उठवलेली लेकरं चढतात. मुकादम ओरडतो, बाया डोळे पुसतात, कुत्री ट्रॉलीमागे वळणापर्यंत धावतात आणि माना खाली घालून परत येतात. मग धूळ हळूहळू खाली बसते. खेळ संपून लोक पांगावेत, नटांनी तोंडाचा रंग पुसून गाडी पकडावी आणि रिकाम्या मांडवात बिछायत गुंडाळणारा एकच माणूस मागे राहावा, तशी त्या वाडीत मागे राहते गोजरबाई.

पाथर्डी तालुक्याच्या डोंगरपट्ट्यात पाऊस पडला तर पडला. बाजरी, थोडी मटकी, एवढंच रान देतं. बाकीचं पोट ऊसतोडीवर. गोजरबाईनेही उमेदीची सगळी वर्षं कोयता धरला होता. नवरा तिकडेच, उसाच्या फडाच्या कडेला, तापाने गेला. पुढे तिचे गुडघे गेले. एकुलती मुलगी ज्ञानेश्वरी लग्न होऊन भिंगारला दोन खोल्यांत राहते. "आई, ये ना इकडं," असं ती फोनवर दर वर्षी म्हणते आणि गोजरबाई दर वर्षी एकच उत्तर देते, "मला किल्ल्या हायेत बाई."

या किल्ल्यांची गोष्ट जुनी आहे. गोजरबाई नवी नवरी होती तेव्हा डोंगराखालच्या जत्रेला तमाशाचा फड आला होता. परतताना त्यांच्या ट्रकचा आस मोडला. माणसं मिळेल त्या गाडीने पुढच्या गावी गेली, पण एक भलीमोठी पेटी जाईना. फडाची मालकीण कपाळावर हात मारून बसली होती. तिला पाणी द्यायला ही पोरसवदा सून पुढे झाली. मालकिणीने तिच्याकडे नीट बघितलं आणि पेटीची किल्ली तिच्या ओंजळीत ठेवली. "बाई, ह्यात माझं सगळं हाय," एवढंच म्हणाली. पुढच्या जत्रेपर्यंत ती पेटी गोजरबाईच्या माजघरात राहिली. वाडीतल्या बायका रोज येऊन टोचायच्या, "अगं, बघू तर दे, नाचणारनीचे शालू कसे असत्यात!" गोजरबाईने पेटीवर धान्याची पोती रचली आणि विषय संपवला. वर्षाने मालकीण आली. पेटी उघडली, एकेक शालू हाताने चाचपला, चाळ कानाशी धरून वाजवले. मग ढोलकीवाल्याला हाक मारली, पायात चाळ बांधले आणि भर दुपारी, त्या अंगणात, एकट्या गोजरबाईसाठी नाचली. सासू दारातून बघत होती. तिनेही सुनेला आत बोलावलं नाही. हजार माणसांसमोर नाचणारी ती बाई त्या दिवशी एका माणसासाठी जितकी मन लावून नाचली, तितकी क्वचितच नाचली असेल.

तेव्हापासून तोडीला जाणारी माणसं घराच्या किल्ल्या गोजरबाईकडे ठेवू लागली. त्याची रीतच पडली. बाईने दाराला कुलूप घालायचं, किल्ली कपाळाला लावायची, तिला आपल्या जुन्या साडीची चिंधी बांधायची आणि ती गोजरबाईच्या ओंजळीत ठेवून म्हणायचं, "घर दिलं गं काकी." गोजरबाई म्हणायची, "घर घेतलं." आणि ज्या हाताने दिली त्याच हातात ती किल्ली परत जायची. निरोप चालत नसे, चिठ्ठी चालत नसे, सख्खा मुलगा आला तरी चालत नसे. गोजरबाईला अक्षर येत नव्हतं. तिच्या भिंतीत बाभळीच्या खुंट्या ठोकल्या होत्या आणि त्यांवर हिरव्या, तांबड्या, फुलाफुलांच्या चिंध्या लोंबत असत. कुठली कुणाची ते तिला आंधळ्यासारखं बोटांनीही कळे.

दर अवसेला दुपार कलली की ती सगळ्या किल्ल्या घेऊन निघायची. एकेक घर उघडायची, केर काढायची, वाळवी बघायची आणि देवळीत दिवा लावायची. त्या त्या घरात ती त्या त्या घरच्या बाईशी बोलायचीही. "रेश्मे, तुजं मांजर कोनाड्यात व्यायलंय गं. पाच हायेत. मी हलवलं न्हाई." उत्तर कोण देणार? पण ज्या घरात आपला आवाज घुमतो तिथं माणूस अगदीच एकटं नसतं. वाडीच्या खालच्या अंगाला दोन-चार म्हातारी माणसं असत, पण कुणाला ऐकू येत नसे, कुणाला चढ चढवत नसे. गोजरबाईची सोबत म्हणजे ती कुलपं.

असं सगळं वर्षानुवर्षं सुरळीत चाललं होतं. पण रस्ता आला.

वाडीच्या तोंडाशी कानिफनाथचं घर. आधी तिथून बैलगाडीची वाट जायची, आता चौपदरी रस्ता जाऊ लागला. एका हॉटेलवाल्याची नजर त्या जागेवर पडली. कानिफनाथचा थोरला भाऊ, नाव कारभारी, नगरला प्लॉटचे व्यवहार करी. वाटण्या बापाच्या हयातीतच झाल्या होत्या. मळईची जमीन कारभारीला, घर कानिफला. पण त्या तोंडी. ग्रामपंचायतीच्या उताऱ्यावर दोघांचीही नावं होती. कानिफ आणि त्याची बायको रेश्मा तिकडे कर्नाटकात फडात उतरली आणि इकडे पंधरवड्यात कारभारीची पांढरी गाडी गोजरबाईच्या अंगणात उभी राहिली.

"काकी, बरी हायेस का?" त्याने वाकून नमस्कार केला. हातात सफरचंदाची पिशवी होती.

"बरी हाय. बस."

"बसत न्हाई. घाई हाय. आमच्या घराची किल्ली दे तेवढी. आत बापाचा फोटो हाय, फ्रेम करायचाय."

"रेश्माला येऊ दे. तिच्या हाताची हाय."

"आगं, मी कोन हाय? भाऊ हाय त्याचा. चोर न्हाई!"

"भाऊ हायस म्हनूनच भ्या वाटतंय बाबा," गोजरबाई म्हणाली. "चोराला दिली आसती एखाद्या वक्ती. त्यो चोरी करून परत तरी गेला आसता."

कारभारी हसला, पण फक्त ओठांनी. कुलूप फोडलं असतं तर तो गुन्हा झाला असता, हे त्याला ठाऊक होतं. किल्लीने शांतपणे दार उघडायचं, आत खाट टाकायची, स्वयंपाक मांडायचा. मग ताबा त्याचा. कानिफने पुढची वीस वर्षं कोर्टाच्या पायऱ्या झिजवल्या तरी बेहत्तर. म्हणून त्याला किल्ली हवी होती. सफरचंदं तिथंच ठेवून तो गेला. गोजरबाईने ती शेळीला घातली.

चार दिवसांनी फाट्यावरच्या पोलीस चौकीतून श्रीमंत नावाचा हवालदार मोटारसायकलवर आला. पोलिसाला दारात बघून गोजरबाई भिंत धरून उठली. फडातली कुठली ट्रॉली उलटली की काय, एवढंच तिच्या मनात आलं.

"कोन गेलं रं बाबा?"

"कुनी न्हाई गेलं आजी. तुमालाच यायचंय. सायबांनी बोलावलंय."

चौकीत तिला भिंतीजवळच्या बाकड्यावर बसवलं. कारभारीने अर्ज दिला होता: ह्या बाईने माझ्या घराला कुलूप घालून किल्ली दाबून ठेवली आहे. गुन्हा काही नोंदवलेला नव्हता. नुसता अर्ज होता, आणि अर्जामागे कारभारीची साहेबांशी असलेली उठबस होती.

"आजी, तुमी 'घर घेतलं' असं म्हनला व्हता का न्हाई?" साहेबांनी विचारलं.

"म्हनले की. दर वर्सी म्हनते."

"मग झालं! स्वतःच्या तोंडानं कबूल. दुसऱ्याचं घर घेतलंय." साहेबांनी श्रीमंतकडे बघून डोळा घातला आणि दोघे हसले. "किल्ली टाका टेबलावर आन् जा सुखानं."

"तिच्या हाताची हाय सायेब. तिलाच देईन."

"मग बसा."

ती बसली. तिन्हीसांजा झाल्यावर तिला जा म्हणाले. दोन दिवसांनी पुन्हा बोलावलं. मग पुन्हा. कधी कुणी काही विचारत, कधी दिवसभर कुणी बघतही नसे. मारलं नाही, शिवी दिली नाही. श्रीमंतने एकदा चहासुद्धा आणून दिला. पण बसवून ठेवणं हा छळ किती मोठा असतो ते ज्याने विनाकारण बसून काढलंय त्यालाच विचारावं. विंगेत रंग लावून उभं राहावं आणि रात्रभर कुणी नावच पुकारू नये, तसं.

येताना-जाताना दिलावरची वडापची, माणसं भरून नेणारी जीप असे. दिलावर फाट्यावरच राहणारा, पन्नाशीचा, दाढीला मेंदी लावणारा, तोंडाचा पट्टा अखंड चालवणारा माणूस. पहिल्या दिवशी त्याला वाटलं मावशी बँकेत चालली आहे. चौथ्या फेरीला त्याने गाडी बंद केली आणि मागे वळून बघितलं.

"मावशी, तुमी रोज चौकीत काय करता? भरती-बिरती झाल्या का काय?"

गोजरबाईने सगळं सांगितलं. दिलावरने खिशातून मोबाईल काढला.

"माजी पुतणी नगरला वकील हाय," तो म्हणाला. "आयेशा. फोन लावू का?"

"नको रं. वकील म्हंजी भांडान. मला कुनासंगं भांडायचं न्हाई."

त्याच आठवड्यात कानिफचा फोन आला. त्याला तिकडे सगळं कळलं होतं. मागे ट्रॅक्टरचा आवाज आणि रेश्माचं हुंदकणं ऐकू येत होतं.

"काकी, मुकादम सोडत न्हाई गं. आलो आसतो. तू... तू देऊन टाक किल्ली. तुज्या जिवापरीस घर मोठं न्हाई."

"तुजी किल्लीच न्हाई ती," गोजरबाई म्हणाली. "रेश्माच्या हातानं घेतलीय. तिला मोकळी करायची आसंल तर तिला हितं येऊ दे, आन् ओंजळ पुढं करू दे."

"काकी, फोनवर सांगतीया की ती!"

"फोनला हात आस्त्यात का?"

कानिफने फोन ठेवला. घर त्याचं, सोडायला तयारही तोच. आणि म्हातारी मात्र त्याच्या घरासाठी त्याच्यापेक्षा घट्ट उभी. कुणी याला हट्ट म्हणेल. कायद्याच्या दृष्टीने फोनवरचा शब्द पुरेसा होता. पण गोजरबाईचा कायदा त्या जत्रेच्या वर्षी अंगणात लिहिला गेला होता.

मग पौषातली अवस आली. त्या दिवशी तिला सकाळीच उचललं. दुपारी ती उभी राहिली. "सायेब, आज अवस हाय. मला जाऊ द्या. उंद्या पुन्ना येते. दिवसभर बसते."

"कसली घाई? कोन वाट बघतंय घरी?" साहेब म्हणाले.

कोण वाट बघत होतं? कुणीच नाही. देवळ्या. ती परत बाकड्यावर बसली. समोरच्या खिडकीतून ऊन भिंतीवर चढत चढत गेलं, तांबडं झालं आणि गेलं. कमरेच्या पिशवीत सगळ्या किल्ल्या होत्या; घरी ठेवायची आता सोय नव्हती. ती एकेक चिंधी चाचपत राहिली. हिरवी, फुलाची, रेश्माची जांभळी. त्या दिवशी साबरदऱ्यात एकाही घरात दिवा लागला नाही.

जीपमध्ये बसल्यावर ती दिलावरला म्हणाली, "लाव तुज्या पुतनीला फोन."

आयेशा दुसऱ्याच दिवशी आली. काळा कोट हातावर, पायात साध्या चपला. जीपमधून उतरून ती चढ चढून वर आली, जमिनीवर बसली, पाणी प्याली आणि खुंट्यांकडे कितीतरी वेळ बघत राहिली.

"आजी, तुम्हाला लेखी नोटीस दिली होती का कधी?"

"न्हाई बाई. मोटारसायकल यायची."

"बाईमाणसाला साक्षीसाठीसुद्धा चौकीत बोलावता येत नाही. काही विचारायचंच असेल तर पोलिसांनी तुमच्या घरी यायचं. आणि घर कुणाचं हे ठरवणं त्यांचं कामच नाही, ते दिवाणी कोर्टाचं. आपण हायकोर्टात जाऊ. तिकडे औरंगाबादच्या खंडपीठात." आयेशाने वही काढली. "तुम्हाला कोर्टाकडून काय पाहिजे? कारभारीला शिक्षा?"

"नको गं. त्याची आय माजी मैतरीन व्हती."

"पोलिसांवर कारवाई?"

"न्हाई."

"मग काय मागू?"

गोजरबाईने विचार केला. "मला दिवेलागनीला घरी सोडीत जा म्हनावं."

आयेशाने चष्मा काढून ओढणीने पुसला. दिलावर बाहेर जीपचं टायर उगाच लाथेने ठोकत होता.

गोजरबाईने कागदांवर अंगठे केले. तारखेच्या दिवशी यायची काही गरज नाही असं आयेशाने सांगितलं, तरी ती गेली. ज्याच्याकडे दाद मागायची त्याचं तोंड तरी बघावं, असं तिचं म्हणणं. दिलावर, आयेशा आणि ती असे तिघे पहाटेच्या एस्टीने गेले. कोर्टाच्या दारात यंत्र वाजायला लागलं. शिपाईणबाईने कमरेची पिशवी उघडायला लावली आणि टेबलावर चिंध्या बांधलेल्या किल्ल्यांचा ढीग पडला.

"आजी, हे काय? कुलपांचं दुकान आहे का?"

"वाडी हाय बाई," गोजरबाई म्हणाली. "सांभाळून उचला."

आत एवढं मोठं दालन, एवढे काळे कोट, वर गरगरणारे पंखे. गोजरबाई शेवटच्या बाकावर बसली आणि आपलं नाव पुकारलं जाण्याची वाट बघू लागली. इंग्रजीत काहीबाही चाललं होतं. मध्येच आयेशा उभी राहिली, सरकारी वकील उभे राहिले, न्यायाधीशांनी त्यांना काही विचारलं आणि ते कागद चाळत राहिले. पुन्हा विचारलं. सरकारी वकिलांनी मान हलवली. मग न्यायाधीश सावकाश काही सांगत गेले, खाली बसलेली बाई ते टिपत गेली. पुढचं नाव पुकारलं गेलं.

"झालं आजी," आयेशा येऊन म्हणाली.

"कवा झालं?"

"आत्ता. त्यांनी विचारलं, ह्या बाईवर गुन्हा कोणता? सांगता आला नाही. गुन्हा नसताना का बोलावता? त्याचंही उत्तर नव्हतं. जागेचं भांडण भावाभावांचं आहे, ते दिवाणी कोर्टात भांडावं. पोलिसांनी त्यात पडायचं नाही, किल्ली मागायची नाही, तुम्हाला चौकीत बोलवायचं नाही, तुमच्या दारात विनाकारण यायचं नाही. असा हुकूम झाला."

"माज्याकडं बघितलं बी न्हाई त्यांनी."

"नाही बघितलं," आयेशा म्हणाली. "पण ऐकलं."

गोजरबाईने बाहेर पडताना दाराकडे वळून हात जोडले. येताना एस्टीत तिला झोप लागली. तिचं डोकं आयेशाच्या खांद्यावर टेकलं होतं, आणि एक हात कमरेच्या पिशवीवर.

हुकमाची प्रत चौकीत पोचल्यावर श्रीमंत एकदाच आला. अंगणाच्या बाहेरच उभा राहिला.

"आजी, राग नका धरू. आमी हुकमाची मानसं."

"चा घे."

"नको. आता तुमच्या दारात यायला बंदी हाय आमाला," तो म्हणाला आणि हसल्यासारखं करून गेला.

पुढच्या अवसेला गोजरबाईने सगळी घरं उघडली. प्रत्येक घरात दोनदा दिवा लावला, राहिलेल्या अवसेचा आणि चालू अवसेचा. "रेश्मे, मागच्या बारीला चुकले गं," असं कानिफच्या घरात म्हणाली.

चैत्रात ट्रॅक्टर परत आले. वाडीत चुली पेटल्या, लेकरं ओरडली, कुत्री वेडी झाली. गोजरबाई ओट्यावर बसली आणि एकेक बाई ओंजळ पुढे करून किल्ली घेऊन गेली. रेश्मा आली ती पायावरच कोसळली. गोजरबाईने तिला उठवलं, तिच्या ओंजळीत जांभळ्या चिंधीची किल्ली ठेवली आणि वरून तिची बोटं मिटली. त्या उन्हाळ्यात वाडीत दुसरा विषय नव्हता. कुणी तिला साडी नेसवली, कुणी तिच्यासाठी पुरण घातलं, पोरं तिला 'हायकोर्ट आजी' म्हणू लागली. कारभारीने दिवाणी कोर्टात दावा लावला. त्याच्या तारखा पडत राहिल्या. ते भांडण ज्या जागी भांडायचं त्या जागी गेलं.

पुन्हा दिवाळी आली. गोजरबाईने भिंत शेणाने सारवली. एक खुंटी ढिली झाली होती, ती दगडाने ठोकून बसवली. ट्रॅक्टर आले, ट्रॉल्या भरल्या, आणि रीतीप्रमाणे एकेक बाई तिच्या ओट्याशी आली. कुणी पायलीभर ज्वारी आणली, कुणी लाडू. सगळ्या पाया पडल्या. ओंजळ मात्र एकीनेही भरली नाही.

"काकी, किल्ली ऱ्हाऊ दे आमच्यापाशीच," पहिली म्हणाली. "मागच्या वर्सी किती सोसलंस. आमच्यापायी तुला पुन्ना तरास नको."

दुसरीही तेच म्हणाली. तिसरीने नवं, जाडजूड कुलूप आणलं होतं, ते कौतुकाने दाखवलं. प्रत्येकीच्या बोलण्यात माया होती, खोट कुठे नव्हती. तेच अवघड होतं; रागवायचं कुणावर?

सगळ्यात शेवटी रेश्मा आली.

"काकी, वकीलबाय म्हनल्या दावा मिटूस्तवर किल्ली मालकाच्याच हातात पायजे. न्हाईतर मी तुलाच..."

"बराबर हाय," गोजरबाई म्हणाली. "शानी हाय ती पोरगी. तिचं ऐका."

"रागावली न्हाईस ना?"

"कशापायी? जा. ट्रॉली सुटंल. पोराला टोपडं घाल, वारं लागंल."

ट्रॉल्या वळणावरून दिसेनाशा झाल्या. कुत्री परत आली. गोजरबाई आत गेली आणि भिंतीसमोर उभी राहिली. खुंट्या तशाच होत्या.

कोर्टाने हुकूम दिला होता पोलिसांना, की या बाईच्या दारात विनाकारण जाऊ नका. पाळला मात्र सगळ्यांनीच. रस्त्याने श्रीमंत मोटारसायकलवर जाई, तो मान वळवत नसे. कारभारीची गाडी फाट्यावरूनच जाई. चौकीच्या फेऱ्या संपल्या तशा दिलावरच्या जीपच्या फेऱ्याही संपल्या, तो आठवड्याच्या बाजाराला येई, हॉर्न वाजवून "मावशी, ठीक ना?" एवढं ओरडे आणि पुढे जाई. त्याच्या पोटाचा धंदा होता. गोजरबाईचे दिवस लांबत गेले. सकाळी अंगण झाडावं, दुपारी पुन्हा झाडावं. कधी ती चुकून कमरेला हात लावी आणि पिशवी नाही म्हटल्यावर दचके.

अवसेच्या दिवशी ज्ञानेश्वरीचा फोन आला.

"आई, आता तरी ये की गं. आता काय राखतीस तिथं? किल्ल्या न्हाईत, काय न्हाई."

"येते की."

"कधी? ह्यांना रविवारी सुट्टी आहे, घ्यायला पाठवू?"

गोजरबाईने दाराबाहेर बघितलं. ऊन कललं होतं. समोर सगळी दारं, त्यांना नवी कुलपं, चकचकीत. जणू मांडव उभा आहे, बत्त्या टांगल्यात आणि त्या लावणाऱ्याला कुणी बोलावलेलंच नाही.

"सांगते तुला," म्हणून तिने फोन ठेवला.

मग उठून तिने तेलाची बरणी काढली, वाती वळल्या, पणत्या पाटीत मांडल्या आणि पाटी कमरेवर घेऊन निघाली. पहिल्या घराच्या कुलपाला तिने हात लावला, मग खाली वाकून उंबऱ्याच्या बाहेर पणती ठेवली. "गोदे, आत येता येत न्हाई गं," ती म्हणाली. "भाईरच लावते." दुसऱ्या घरी तसंच. तिसऱ्या घरी तसंच. आत आवाज घुमायचा तसा बाहेर घुमत नव्हता. शब्द तोंडातून निघाला की वारा घेऊन जात होता. मागे वळून बघितलं तर दोन पणत्या विझलेल्या. ती परत गेली, त्या लावल्या, पुढे आली.

कानिफचं घर शेवटी. रस्त्याच्या कडेला म्हणून तिथे वारा जास्त. पणती ठेवली की विझे. चार काड्या गेल्या. अखेर गोजरबाई पायरीवर बसली, गुडघे दुखले म्हणून एक पाय पसरला, आणि पणती पोटाशी घेऊन पदराचा आडोसा केला. रस्त्यावरून ट्रक जात होते. कुणी थांबत नव्हतं.

फोन पुन्हा वाजला.

"आई, कुठं आहेस? वाऱ्याचा आवाज येतोय."

"कानिफच्या दारात."

"तिथं कशाला? किल्ली हाय का तुझ्याकडं?"

"न्हाई."

"मग काय करतीस?"

ज्योत पदराशी थरथरली, आडवी झाली, पुन्हा उभी राहिली.

"रविवारी नको पाठवू त्यांना," गोजरबाई म्हणाली. "आन् आता ठिव फोन. मला दोनी हात लागत्यात."